‘एच १५.९’ लिहिलं आणि सरांनी काट मारली

(ऐरोलीहून एका आईचं पत्र, थोडक्यात: मुलगी बीएस्सी झूऑलॉजी झाली आहे. नीट दोनदा हुकली. ठाणे स्टेशनजवळचा एक क्लास मेडिकल कोडिंगचा, म्हणजे डॉक्टरांनी लिहिलेल्या आजाराला विम्याच्या क्लेमसाठी ठरलेल्या यादीतला कोड देण्याचा, कोर्स करा म्हणतो. फी ४५ हजार आणि ‘नोकरीची हमी’. डेमोच्या दिवशी डोळ्यांच्या आजारांचा पेपर सोडवायला दिला, पहिल्याच उत्तराला काट मिळाली. घरी येऊन म्हणाली, ‘आई, एवढे आकडे माझ्याने पाठ होणार नाहीत.’ पैसे भरू का? रात्रपाळी असते का?)

नमस्कार ताई,

पेपरचा फोटो जोडलात ते फार बरं केलंत. पत्रापेक्षा त्यातूनच मुलगी जास्त कळली.

पहिला प्रश्न असा: उजवा डोळा लाल, दुखण्याने रात्री जाग येते, निदान अँटिरिअर स्क्लेरायटिस. म्हणजे डोळ्याचा जो पांढरा भाग, श्वेतपटल, त्याला पुढच्या बाजूने आलेली सूज. अमेरिकेत आजारांच्या कोडची जी यादी वापरतात, आयसीडी-१०-सीएम, तिच्यात श्वेतपटलाचे आजार एच १५ खाली येतात. तिथपर्यंत ती बरोबर पोचली. पण तिने लिहिलेला एच १५.९ म्हणजे ‘श्वेतपटलाचा आजार, कोणता ते सांगितलेलं नाही’. इथे डॉक्टरांनी तर सगळं सांगितलंय! एच १५.० स्क्लेरायटिस, एच १५.०१ त्यातला पुढचा, आणि शेवटचा आकडा डोळ्याचा: १ उजवा, २ डावा, ३ दोन्ही. उत्तर एच १५.०११. म्हणजे तिने जणू पत्त्यात नुसतं ऐरोली लिहिलं, सेक्टर आणि बिल्डिंग राहून गेली. कुरिअरवाला अशा वेळी फोन तरी करतो. विमा कंपनी क्लेम अडकवून ठेवते.

यात पाठांतर कुठेच नाही. सीपीसी नावाची जी परीक्षा या क्षेत्रात चालते, तिला शंभर प्रश्न, चार तास, पास व्हायला ७० टक्के, आणि कोडची पुस्तकं सोबत घेऊन बसायचं असतं. पुस्तक उघडं असूनही मुलं नापास होतात, कारण चार्ट, म्हणजे रुग्णाचे कागद, नीट वाचत नाहीत.

आता दुसरा प्रश्न बघा. ओपीडीचा कागद: उजवा डोळा दुखतो, ‘स्क्लेरायटिसची शक्यता’. तुमच्या मुलीने तिथे स्क्लेरायटिस लिहिलंच नाही. समासात पेन्सिलने ‘डॉक्टरांना खात्री नाही?’ असं लिहून डोळेदुखीचा कोड दिला, एच ५७.११. अगदी बरोबर! ओपीडीच्या कागदावर ‘शक्यता’, ‘संशय’ असेल तर तो आजार कोड करायचा नाही, लक्षण करायचं, असा नियमच आहे. हा नियम तिला कुणी शिकवला नव्हता ना? मग ती पेन्सिलची ओळ मला त्या काटेपेक्षा मोठी वाटते. पुष्कळ बीएचएमएस, बीफार्म झालेली मुलं इथेच घसरतात. त्यांना आजार ओळखता येतो, म्हणून ती डॉक्टरांच्या पुढे धावतात. समजा, रुग्णाला संधिवात आहे आणि स्क्लेरायटिसही; दोन्हींचा संबंध वैद्यकात माहीत असतो, तरी डॉक्टरांनी लिहिलं नसेल तर कोडरने आपल्या मनाने सांधा जोडायचा नाही. शंका असेल तर विचारायचं.

तेव्हा काम तिला जमेल असं मला वाटतं. क्लासबद्दल मात्र माझं मत वेगळं आहे. नोकरीची हमी कुठलाही क्लास देऊ शकत नाही. माझ्याकडे आलेल्या एका मुलाला ‘हमी’ म्हणून एआर कॉलिंगला बसवलं होतं. तुमच्या रात्रपाळीच्या प्रश्नाचं उत्तरही तिथेच आहे. एआर कॉलिंग म्हणजे अडकलेल्या क्लेमसाठी अमेरिकेतल्या विमा कंपन्यांना फोन करणं. त्यांचा दिवस म्हणजे आपली रात्र. कोडिंगमध्ये असे फोन करायचे नसतात, म्हणून ते बहुतेक ठिकाणी दिवसा चालतं. क्लासवाल्यांना ‘कोडिंग की कॉलिंग?’ एवढं विचारा आणि उत्तर कागदावर मागा.

कॉम्प्युटर हे काम खाईल का, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण विचाराल. साधे, एकसारखे चार्ट तो आत्ताच उचलतोय. जिथे ‘शक्यता’ आणि ‘आहे’ यातला फरक पकडायचा असतो, तिथे तपासायला माणूस लागतो. किती वर्षं, ते मी छातीठोकपणे सांगणार नाही. म्हणून कोडिंग शिकताना तिने इथल्या हॉस्पिटलांच्या टीपीए डेस्कवर (जिथे रुग्णांच्या विम्याचे क्लेम बघतात) आणि रेकॉर्ड विभागातही अर्ज टाकावेत.

४५ हजार आत्ता भरू नका. आयसीडी-१०-सीएमची पूर्ण यादी अमेरिकन सरकारच्या संकेतस्थळावर फुकट मिळते. महिनाभर रोज तासभर तिला त्यातलं डोळ्यांच्या आजारांचं प्रकरण वाचू द्या, आधी शब्दसूची, मग मुख्य यादी. ऐरोली, महापे भागातल्या काही कंपन्या फ्रेशरना स्वतःच शिकवून घेतात, तिथे परीक्षा देऊन बघू द्या. नाही जमलं तर क्लास कुठे पळून जात नाही. आणि महिन्याभरानंतरचा एखादा पेपर मला पाठवा, समासातल्या पेन्सिलीसकट.