कैफियत नाही, म्हणून उलटतपासही नाही?

प्रश्न : आमचं घर गोव्यात, फोंडा तालुक्यात. चवथीपूर्वी अंगणावर पत्र्याची शेड हवी म्हणून एका फॅब्रिकेटरला काम दिलं. कोटेशनात 0.50 मिलिमीटरचे पत्रे, बसवले ते पातळ. शेवटचे 1,85,000 रुपये मी थांबवले, तर त्याने दावा लावला. आजारपणात माझी कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, द्यायची राहिली. गेल्या तारखेला त्याची साक्ष होती, आमचे वकील पोचले नाहीत आणि ‘नो क्रॉस’, म्हणजे उलटतपास झाला नाही, अशी ऑर्डर झाली. कैफियतच नाही तर उलटतपास कसला, असं सगळे म्हणतात. खरं का? की आपल्याकडे पोर्तुगीज कायदा लागतो?

उत्तर : पोर्तुगीज कायदा आता मुख्यतः लग्नासारख्या कौटुंबिक बाबींपुरता. पत्र्यांना 1872चा भारतीय करार कायदाच लागतो.

‘सगळे’ म्हणतात ते चूक आहे. मोड्युला इंडियाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1988 सालीच सांगितलं, की ज्याचा बचाव काढून टाकलाय अशा भाडेकरूलाही वादीच्या साक्षीदारांचा उलटतपास घेता येतो आणि युक्तिवादही करता येतो. वाद भाड्याचा होता, पण तत्त्व तुमच्याही कामाचं. फक्त मर्यादा ओळखा : वादीची बाजू लंगडी आहे हे दाखवता येतं, स्वतःची वेगळी हकिगत मांडता येत नाही, साक्षीदारही आणता येत नाहीत.

तुमची खरी अडचण ‘नो क्रॉस’ ही आहे. साक्षीदाराच्या ज्या म्हणण्याला उलटतपासात हात लावला नाही, ते मान्य आहे असंच कोर्ट सहसा धरतं. म्हणून रोजनाम्याची (त्या तारखेच्या कामकाजाच्या कोर्टातल्या नोंदीची) नक्कल आजच मागा आणि ती ऑर्डर रद्द करून वादीला पुन्हा बोलवा असा अर्ज पुढच्या तारखेची वाट न बघता द्या. आधार दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या आदेश 18 नियम 17 आणि कलम 151 यांचा. वकील का आले नाहीत ते खरं लिहा, पुरावा जोडा, खर्च भरायची तयारी दाखवा. युक्तिवाद संपल्यावर हाच अर्ज फार जड जातो. नामंजूर झाला तर पर्वरीला उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद 227खाली जाता येतं, पण तो रस्ता लांबचा आणि खर्चाचा.

सोबत कैफियत घेण्याचाही अर्ज द्या. मुदत 30 दिवसांची, कोर्टाने वाढवली तर 90. त्यानंतर अपवाद म्हणूनच परवानगी मिळते; हॉस्पिटलचे कागद इथे कामाला येतील. दावा तीन लाखांच्या आतला आहे हे तुमचं नशीब, नाहीतर व्यापारी दाव्याची 120 दिवसांची मुदत कोणालाच हलवता येत नाही.

आता उलटतपास मिळाला असं धरू. कोटेशन वादीने दाखल केलं नसलं तरी उलटतपासात त्याच्यापुढे ठेवता येतं (त्याच संहितेचा आदेश 8 नियम 1अ). दाव्यातल्या पक्षकारालाही असा कागद दाखवता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2023मध्ये स्पष्ट केलंय. व्हॉट्सॲपचे मेसेज दाखवणार असाल तर भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 63(4)चं, इलेक्ट्रॉनिक पुराव्याला लागणारं प्रमाणपत्र तयार ठेवा.

प्रश्न थोडे आणि आखूड. हे कोटेशन तुमचं ना? सही तुमची? जाडी 0.50 लिहिलीय? पत्रे विकत घेतल्याचं बिल दाखल केलंय? ‘नाही’ आलं की वकिलांनी खाली बसावं. जिरवायची हौस म्हणून ‘मग पातळ पत्रे का घातले?’ एवढं विचारलं, की तो म्हणेल, ‘मालकांनीच स्वस्तातले घाला म्हणून सांगितलं.’ आणि कैफियतीचा अर्ज नामंजूर झालेला असेल, तर ते खोडायला तुम्हाला पिंजऱ्यात उभं राहता येणार नाही.