पहिल्या बेसवर उभं राहून

मागच्या वेळी लॉस एंजेलिस डॉजर्स या अमेरिकन बेसबॉल संघाचे मॅनेजर (म्हणजे मुख्य कोच) डेव्ह रॉबर्ट्स यांचा ओझरता उल्लेख केला होता. त्यावर बरीच पत्रं आली. त्यातल्या काहींना आज उत्तरं देतो.

प्रश्न : रॉबर्ट्स आउटफिल्डर होता. आउटफिल्डर म्हणजे पार लांब सीमारेषेजवळ उभा राहणारा. खेळाच्या मध्यापासून इतका दूर राहिलेला माणूस कोच कसा होतो? (नाशिक)

दूर उभ्या असलेल्याला सगळं मैदान समोर दिसतं, हे विसरू नका. सेंटर फिल्डरला (मधल्या आउटफिल्डरला) चेंडू टाकणाऱ्या पिचरची पाठ, बॅटर आणि त्याच्यामागे चेंडू झेलणाऱ्या कॅचरचा ग्लोव्ह एका रेषेत दिसतात. तरीही तुमची शंका रास्त आहे, कारण मॅनेजर झालेल्यांत कॅचर पुष्कळ सापडतात. रॉबर्ट्सचं वेगळेपण त्याच्या पायांत होतं.

त्याचा जन्म १९७२ चा, ओकिनावातल्या नाहा शहरातला. आई जपानी, वडील अमेरिकन मरीन. १९९४ साली नव्या खेळाडूंच्या निवडीत डेट्रॉइट संघाने त्याला निवडलं ते थेट २८ व्या फेरीत. इतक्या खाली निवडलेल्या पोराकडून कुणी फारशी अपेक्षा ठेवत नाही. मेजर लीगमधला, म्हणजे सर्वोच्च स्तरावरचा, पहिला सामना १९९९ मध्ये, क्लीव्हलँडकडून, वयाच्या २७ व्या वर्षी. लांब फटके मारणारा तो नव्हताच. बेसवर पोचायचं आणि पुढचा बेस चोरायचा (फटक्याची वाट न बघता पिचर चेंडू टाकतानाच पुढच्या बेसकडे पळायचं, हाच ‘स्टील’), यावर त्याचं पोट होतं. अशा खेळाडूला समोरच्याचं निरीक्षण केल्यावाचून गत्यंतर नसतं. माझ्या मते त्याच्यातला कोच तिथेच घडला.

प्रश्न : २००४ मधल्या त्याच्या एका ‘स्टील’चं एवढं कौतुक का? शेवटी एकच तर बेस चोरला! (कोथरूड, पुणे)

एकच, पण केव्हा ते पाहा. १७ ऑक्टोबर २००४, बोस्टनचं फेनवे पार्क. अमेरिकन लीगच्या अंतिम मालिकेत आधी चार सामने जिंकेल तो विजेता, आणि न्यू यॉर्क यांकीज ३-० ने पुढे. चौथ्या सामन्यातही नवव्या, म्हणजे शेवटच्या इनिंगमध्ये त्यांच्याकडे ४-३ अशी आघाडी, आणि चेंडू मारिआनो रिव्हेराच्या हातात. सामना संपवण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. रिव्हेराने बोस्टनच्या केव्हिन मिलारला वॉक दिला, म्हणजे चार चेंडू बाहेर टाकून पहिला बेस फुकट दिला. मिलारचे पाय जड, म्हणून त्याच्या जागी पळायला रॉबर्ट्स आला. डॉजर्सने ३१ जुलैला त्याला बोस्टनला देऊन टाकलं होतं. त्या रात्री तो थंडीत बाकावर बसून होता. मैदानात जाताना मॅनेजर टेरी फ्रँकोनाने त्याला नुसता डोळा मिचकावला.

हा पळणार हे स्टेडियममधल्या पोरासोरांनाही माहीत होतं. त्याला बेसबाहेर गाठून आउट करायला रिव्हेराने पहिल्या बेसवर एकदा चेंडू फेकला. पुन्हा फेकला. तिसऱ्यांदाही फेकला. त्या फेकींनीच आपली धडधड थांबली आणि आपण खेळात आलो, असं तो पुढे सांगत आला आहे. बिल म्यूलरला टाकलेल्या पहिल्याच चेंडूवर तो सुटला. कॅचर पोसाडाची फेक चांगली होती. दुसऱ्या बेसवर जीटरने चेंडू घेऊन ग्लोव्ह खाली आणला, तोवर पोटावर घसरत आलेल्या रॉबर्ट्सचा हात बेसला लागला होता. सेफ! म्यूलरने मधोमध चेंडू मारला आणि रॉबर्ट्स होम बेसवर येऊन धाव पूर्ण झाली, ४-४. बाराव्या इनिंगमध्ये डेव्हिड ऑर्टिझच्या होमरनने (थेट मैदानाबाहेरच्या फटक्याने) बोस्टन जिंकलं. मग पुढचे तीनही सामने, आणि १९१८ नंतर पहिल्यांदाच वर्ल्ड सिरीज, म्हणजे दोन लीगच्या विजेत्यांमधली अंतिम मालिका, बोस्टनने जिंकली. त्या वर्ल्ड सिरीजमध्ये रॉबर्ट्स एकदाही खेळला नाही, हे मला फार हृद्य वाटतं.

डॉजर्समध्ये असताना मॉरी विल्सने त्याला तयार केलं होतं. हा तोच विल्स, ज्याने १९६२ च्या मोसमात १०४ बेस चोरले. एक दिवस असा येईल की तू चोरणार हे सगळ्यांना ठाऊक असेल, तेव्हा कचरायचं नाही, हे विल्सने त्याला आधीच सांगून ठेवलं होतं. आज मॅनेजर म्हणून रॉबर्ट्स विल्सचाच ३० नंबर अंगावर घालतो.

जाता जाता : २०२३ पासून पिचरला दोनच फेका बिनधोक करता येतात. तिसऱ्या फेकीत रनर आउट झाला नाही, तर त्याला पुढचा बेस फुकट मिळतो. आजच्या नियमात रिव्हेराने ती तिसरी फेक करताना दहादा विचार केला असता.

प्रश्न : मुलाबरोबर सामने बघतो. पहिल्या बेसजवळचा कोच नुसता खेळाडूंच्या पाठी थोपटताना दिसतो. त्याचं काम काय? (न्यू जर्सी)

त्याच्या हातातलं स्टॉपवॉच बघा. पिचर हलल्यापासून चेंडू कॅचरकडे पोचायला साधारण १.३ सेकंद, कॅचरची फेक दुसऱ्या बेसवर जायला साधारण २ सेकंद. झाले ३.३. दोन बेसमधलं अंतर ९० फूट, म्हणजे सुमारे २७ मीटर. लीड घेऊन (बेसपासून काही पावलं पुढे सरकून) उभा असलेला तुमचा रनर ते ३.३ च्या आत कापतो का, हे गणित तो रनरच्या कानात सांगत असतो. पिचर थकला की १.३ चे १.५ होतात. तेही त्यानेच टिपायचं.

निवृत्तीनंतर रॉबर्ट्सने सान डिएगो पाद्रेजकडे २०११ पासून हेच काम केलं. कारकिर्दीत २४३ बेस चोरलेला माणूस त्याच जागी उभा राहून दुसऱ्याला सांगत होता, ‘आता जा’. २०१० मध्ये त्याला हॉजकिन्स लिम्फोमा झाला होता. त्या कर्करोगातून उठून तो या कामाला लागला, हेही लक्षात ठेवा. पुढे दोन वर्षं तो बेंच कोच, म्हणजे मॅनेजरचा उजवा हात होता.

प्रश्न : इतकी जेतेपदं मिळवूनही रॉबर्ट्सवर टीका का होते? (ठाणे)

२०१६ पासून तो डॉजर्सचा मॅनेजर आहे आणि २०२०, २०२४ आणि २०२५ अशा तीन वर्ल्ड सिरीज त्याने जिंकल्या. राग आहे तो पिचर लवकर बदलण्यावर. एप्रिल २०२२ मध्ये मिनेसोटात क्लेटन कर्शॉने सात इनिंगमध्ये एकालाही बेसवर येऊ दिलं नव्हतं. ८० चेंडू झाले होते. रॉबर्ट्सने त्याला काढलं. परफेक्ट गेम, म्हणजे एकाही बॅटरला बेसवर येऊ न देता जिंकलेला पूर्ण सामना, आयुष्यात एकदा मिळाला तर मिळतो, म्हणून लोक चिडले. मला मात्र निर्णय पटला. आधीच्या मोसमाच्या शेवटी कर्शॉचा हात दुखावला होता, आणि त्या वर्षीची ही त्याची पहिलीच मॅच होती. २०१८ च्या वर्ल्ड सिरीजमध्ये पिचर रिच हिलला काढलं तेव्हा मात्र मीही हळहळलो. ४-० ची आघाडी होती, ती गेली आणि डॉजर्स सामना हरले.

प्रश्न : माझी मुलगी १४ वर्षांची, सॉफ्टबॉल खेळते. धावते वाऱ्यासारखी, पण स्टील करताना आउट होते. काय करावं? (जळगाव)

आधी फरक समजून घ्या. सॉफ्टबॉलमध्ये चेंडू पिचरच्या हातातून सुटेपर्यंत बेस सोडता येत नाही. त्यामुळे रॉबर्ट्ससारखी लीड नाही. सगळा खेळ पहिल्या पावलाचा. तिला महिनाभर रोज दहा मिनिटं बेसवर उभी करा आणि पिचरचा फक्त हात बघायला सांगा. हात खाली मांडीजवळ येऊन चेंडू सुटला की पाय निघाला पाहिजे. चेंडू दिसल्यावर निघाली तर उशीर झालाच. पळायचं नाही, नुसतं एक पाऊल टाकून परत यायचं. तुम्ही शेजारी मोबाइल घेऊन चित्रीकरण करा आणि रात्री जेवणं झाल्यावर तिच्याबरोबर संथ गतीने बघा. पाऊल कधी उचललं, चेंडू कधी सुटला, हे तिचं तिलाच सांगू द्या.