अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा न्यायाधीश सॅम्युअल चेस महाभियोगातून सुटला, म्हणजे त्याची काही चूक नव्हती असं समजायचं का? आणि न्यायाधीशाला काढता येतं का?

"सिनेटने त्याला निर्दोष ठरवलं" असं सरसकट लिहिणाऱ्यांशी माझं जुनं भांडण आहे, त्यामुळे उत्तर थोडं लांबेल. यातल्या बहुतेकांनी मतदानाचा तक्ता पाहिलेला नसतो.

चेसवर आरोपांची आठ कलमं होती आणि सिनेटमध्ये १ मार्च १८०५ रोजी प्रत्येकावर वेगळं मतदान झालं. मतं देणारे ३४ जण, त्यामुळे काढून टाकायला दोन-तृतीयांश म्हणजे २३ मतं हवी होती. पहिल्या कलमापासून क्रमाने 'दोषी' मतं अशी पडली: १६, १०, १८, १८, ०, ४, १०, १९. म्हणजे तिसऱ्या, चौथ्या आणि आठव्या कलमावर बहुमत त्याच्या विरोधात होतं. आठव्यावर तो चार मतांनी वाचला. याला सुटका म्हणा, निर्दोषत्व म्हणू नका.

आता तिसरं आणि चौथं कलम काय होतं ते बघा, कारण खरं प्रकरण तिथेच आहे. त्या काळी सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांना सर्किटवर फिरून खालचे खटलेही चालवावे लागत. १८०० च्या उन्हाळ्याच्या तोंडावर चेस व्हर्जिनियातल्या रिचमंडला जेम्स कॅलेंडर या पत्रकाराचा खटला चालवायला बसला. राष्ट्राध्यक्ष अॅडम्सवर जहरी पुस्तिका लिहिली म्हणून १७९८ च्या राजद्रोह कायद्याखाली हा खटला होता. या कायद्यात आरोपीला एक मोठी सवलत होती: लिहिलेलं खरं आहे असं सिद्ध केलं तर तो सुटे. बचाव पक्षाने त्यासाठी जॉन टेलर यांना साक्षीला उभं केलं. चेसने आधी प्रश्न लेखी मागितले. मग आरोपातलं एक वाक्य घेतलं, ज्यात दोन गोष्टी होत्या: अॅडम्स उघड उघड उमरावशाहीचे आहेत, आणि ते ब्रिटिशांच्या हिताला उपयोगी पडले आहेत. साक्षीदार दोन्ही अर्धी सिद्ध करू शकत नाही, सबब साक्षच घेता येणार नाही, असा निर्णय दिला. एका साक्षीदाराने अर्धं आणि दुसऱ्याने उरलेलं सिद्ध करावं ही रोजची रीत. ती बंद केली की कायद्यातली सवलत कागदावरच राहते.

ज्यूरीत (निकाल देणाऱ्या नागरिकांच्या मंडळात) बसवलेल्या बॅसेटचं प्रकरण तर आणखी मासलेवाईक. पुस्तिकेतले उतारे वाचून माझं मत बनलं आहे, मला वगळा, असं तो स्वतः सांगत होता. चेसची कसोटी अशी की आरोपपत्रातल्या आरोपांवर तू मत बनवून ते बोलून दाखवलं आहेस का? आरोपपत्र तर त्याने ऐकलंच नव्हतं. मग बस ज्यूरीत! यावरच्या दुसऱ्या कलमाला मात्र दहाच मतं पडली.

हे सगळं करताना वकिलांना मध्येच तोडणं, टोमणे मारणं चालूच होतं. कायदा घटनाबाह्य आहे हा मुद्दा ज्यूरीपुढे मांडूच दिला नाही. शेवटी वकील उठून गेले. कॅलेंडरला नऊ महिने कैद आणि २०० डॉलर दंड झाला.

मग मतं कमी का पडली? चेसवरचं आरोपपत्र गचाळ होतं म्हणून. महाभियोग चालवणाऱ्या जॉन रँडॉल्फने दिसेल ते त्यात कोंबलं. पाचवं कलम घ्या: व्हर्जिनियाच्या रीतीप्रमाणे समन्स न काढता थेट अटकेचं वॉरंट काढलं. यात बदमाशी कुठली? शून्य मतं. सहावं, तिथल्या कायद्याप्रमाणे खटला पुढे ढकलला नाही, हेही त्याच जातीचं. पहिलं, करांविरुद्ध बंड केलेल्या जॉन फ्राइसच्या देशद्रोहाच्या खटल्याबद्दल होतं. तिथे वकील बोलायच्या आधीच चेसने कायद्यावरचं आपलं मत लिहून वाटलं; वकिलांनी वकीलपत्र सोडलं, फाशीची शिक्षा झाली आणि ती अॅडम्सनी माफ केली. प्रकरण गंभीर, पण त्यातला कायदा चेसने चुकीचा सांगितला असं दाखवणं अवघड होतं. सिनेटमध्ये चेसच्या विरोधातल्या, राष्ट्राध्यक्ष जेफरसनच्या पक्षाचे २५ जण होते. एकजूट असती तर काम झालं असतं, पण त्यातल्या सहांनी एकाही कलमावर 'दोषी' म्हटलं नाही.

आठवं कलम मे १८०३ मध्ये बाल्टिमोरच्या ग्रँड ज्यूरीपुढे (खटला भरायचा का हे ठरवणाऱ्या मंडळापुढे) केलेल्या भाषणाचं. मेरीलंडमध्ये मताधिकार वाढवला, केंद्राने नवी न्यायालयं रद्द केली, आता झुंडशाही येणार, असं ते भाषण होतं. सगळ्यात जास्त मतं यावर पडावीत हे मला पटत नाही. ज्यूरी निवडताना आणि साक्ष नाकारताना केलेला अन्याय त्याहून मोठा. पण राजकारण्यांना भाषणच झोंबतं.

माणूस म्हणाल तर तो आयुष्यभर राजकारणीच राहिला. १७६५ मध्ये अॅनापोलिसला स्टँप कायद्याविरुद्ध जमाव घेऊन उतरला, १७७६ च्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही केली, १७७८ मध्ये काँग्रेसमधल्या (अमेरिकेच्या तेव्हाच्या कायदेमंडळातल्या) आतल्या माहितीवर पिठाचा साठा करून नफा कमवायला गेल्याचा आरोप झाला, १७८८ मध्ये राज्यघटनेच्या विरोधात मत दिलं. तोच १७९६ मध्ये वॉशिंग्टनच्या कृपेने सर्वोच्च न्यायालयात गेला आणि अॅडम्सच्या फेडरलिस्ट पक्षातल्यांहून कडवा फेडरलिस्ट झाला. १८११ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याच खुर्चीत होता.

न्यायाधीशाला काढता येतं का, असंही तुम्ही विचारलंय. येतं. चेसवर आरोप ठेवायचा ठराव झाला त्याच दिवशी, १२ मार्च १८०४ ला, जिल्हा न्यायाधीश पिकरिंगला सिनेटने काढलं होतं. पण तो वेडसर आणि दारूडा होता, त्यामुळे ते उदाहरण फार ताणू नका. आपल्याकडचा न्यायमूर्ती रामस्वामींना काढायचा १९९३ चा लोकसभेतला प्रस्तावही ताणू नका: तिथे बाजूने १९६, विरोधात एकही नाही, आणि २०५ जण तटस्थ राहिले म्हणून तो पडला. आकडे कमी पडले एवढंच साम्य.

आता दोन गोष्टी चेसच्या बाजूच्याही सांगतो. १७९८ च्या कॅल्डर विरुद्ध बुल खटल्यात मागच्या तारखेने शिक्षा लावणारे कायदे कोणते, याची त्याने केलेली चार प्रकारांची मांडणी अजून वापरात आहे. आणि राजद्रोह कायद्याखाली शिक्षा देणारा तो एकटा नव्हता. व्हर्माँटच्या मॅथ्यू लायन या प्रतिनिधिगृहात निवडून आलेल्या सदस्याला १७९८ मध्ये चार महिने कैद आणि १,००० डॉलर दंड झाला, तो खटला न्यायमूर्ती पॅटरसननी चालवला होता. पॅटरसनवर महाभियोग कोणी आणला नाही.