वाचकांचे प्रश्न : लॉटमन तार्तूलाच का राहिले?

प्रश्न : रशियन साहित्यावर काहीही वाचायला घेतलं की साहित्य-संस्कृतीचे अभ्यासक युरी लॉटमन हे नाव येतंच. पण हा माणूस लेनिनग्राडचा, तिथेच शिकलेला, मग सगळं करिअर एस्टोनियातल्या तार्तूसारख्या लहान गावात कसं काय? आणि सुरुवात करायची तर त्यांचं काय वाचू?

उत्तर : स्वतः निवडून नाही गेले हो, दुसरीकडे कुणी घेतलंच नाही. जन्म 1922चा, पेट्रोग्राडमधला (लेनिनग्राडचंच तेव्हाचं नाव). 1940 मध्ये कॉलेज अर्धवट सोडून सैन्यात जावं लागलं, तोफखान्यात टेलिफोनच्या तारा टाकायच्या आणि बॉम्ब पडून तुटल्या की रांगत जाऊन जोडायच्या, हे काम युद्ध संपेपर्यंत. परत येऊन 1950 ला डिग्री घेतली, मार्क उत्तम, पण तेव्हा स्टालिनची ज्यूंविरुद्धची मोहीम जोरात होती आणि लॉटमन ज्यू, त्यामुळे पुढच्या संशोधनाचे दरवाजे बंद. तार्तूच्या शिक्षक-प्रशिक्षण संस्थेत जागा आहे असं कळलं आणि गेले. पुढे 1954 पासून तिथल्या विद्यापीठात, 1960 ला रशियन साहित्य विभागाचे प्रमुख. बायको झारा मिंट्स, रशियन कवी ब्लोकच्या कवितेची मोठी अभ्यासक, तीही त्याच विभागात.

आता गंमत बघा, एस्टोनिया तेव्हा सोव्हिएत संघातच होता, पण मॉस्कोपासून लांब असल्याचा फायदाच झाला. 1964 च्या उन्हाळ्यात एस्टोनियातल्याच केएरिकू गावी विद्यापीठाचं खेळाचं केंद्र आहे तिथे त्यांनी शिबिर भरवलं, मॉस्कोहून इवानोव, तोपोरोव, बोरिस उस्पेन्स्की अशी भाषा-साहित्याची अभ्यासक मंडळी आली, कविता, पुराणकथा, सगळं चिन्हांची व्यवस्था म्हणून कसं वाचायचं यावर दिवसभर वाद. 1966 ला तर खुद्द नामवंत भाषाशास्त्रज्ञ रोमान याकोबसन आले होते. हीच ती चिन्हशास्त्रातली (सेमिऑटिक्स) तार्तू-मॉस्को परंपरा. अर्थात सरकारचा डोळा चुकला नव्हता, 1970 मध्ये केजीबीने घराची झडती घेतली आणि 1977 ला त्यांचं विभागप्रमुखपद गेलं. तरी गाव सोडलं नाही.

वाचायचं तर माझं ऐका, सिद्धांताच्या पुस्तकांनी सुरुवात करू नका, कंटाळून सोडून द्याल. पुश्किनच्या ‘येवगेनी ओनेगिन’ या काव्यातल्या कादंबरीवर त्यांनी 1980 मध्ये भाष्य काढलं ते घ्या. ओनेगिन द्वंद्वयुद्धात मित्राला, लेन्स्कीला मारतो, आपण म्हणतो वाईट झालं आणि पान उलटतो. लॉटमन तिथेच थांबून त्या काळचे द्वंद्वाचे नियम काढून बसतात. ओनेगिन प्रचंड उशिरा येतो, म्हणजे खरं तर द्वंद्व रद्दच व्हायला हवं होतं. वर आपला सेकंड, म्हणजे द्वंद्वातला साथीदार, म्हणून तो चक्क फ्रेंच नोकराला आणतो, हा समोरच्याच्या सेकंडचा, झारेत्स्कीचा, उघड अपमान. बरं, समेट घडवायचा प्रयत्न करणं हे सेकंडचं पहिलं काम, झारेत्स्की तोंडही उघडत नाही. खेळ थांबवायच्या इतक्या संधी असताना हा अनुभवी माणूस एकही वापरत नाही, मग खून नक्की कुणी केला? हे वाचल्यावर तो प्रसंग पुन्हा काढून वाचावाच लागतो, मी तरी वाचला.

रशियन येत असेल तर रशियन संस्कृतीवरची त्यांची टीव्ही व्याख्यानंही बघा, 1980 च्या दशकाच्या शेवटी रेकॉर्ड केलेली. जाड मिशा, विस्कटलेले केस, आणि सरदार-दरकदारांची बायका-मुलं, बॉल डान्स, पत्ते यावर असं बोलतात की शेजारच्या वाड्यातली बातमी सांगतायत. 1993 मध्ये गेले, तार्तूमध्येच.