मूल रडवण्याआधी हे बघ

प्रिय मित्रा,

पटकथा वाचली. आईच्या शोधात निघालेल्या तुझ्या मुलाला तू पानोपानी रडवलंयस. जरा आवर! दुसरा खर्डा लिहायला बसण्याआधी हिरोशी शिमिझू यांचा 1948 चा जपानी चित्रपट बघ, ‘मधमाश्यांच्या पोळ्यातली मुलं’.

गोष्ट साधी आहे. शिमोनोसेकी स्टेशनवर अनाथ पोरं एका पायाने अधू असलेल्या माणसाच्या हुकमावर चालतायत. युद्धावरून परतलेला, स्वतःच बेघर असलेला एक शिपाई त्यांना बरोबर घेतो आणि मिळेल ती मजुरी करत, ज्या संस्थेत तो वाढला तिकडे निघतो. वाटेत हिरोशिमा लागतं.

ही मुलं खरीच अनाथ होती. स्टुडिओत दीडशेच्या आसपास चित्रपट केलेल्या शिमिझूंनी युद्धानंतर अशा मुलांना आपल्यापाशी ठेवून घेतलं होतं. त्यांनाच घेऊन, स्टुडिओबाहेर, खऱ्या रस्त्यांवर हे चित्रण झालं. सुरुवातीच्या पाटीवर प्रेक्षकांना विचारलंय, यातल्या कुणाला तुम्ही ओळखता का? थिएटरात बसलेल्यांतच कुणाचा मामा, कुणाची आत्या निघेल, ही आशा. अशी पाटी मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

डोंगराचा प्रसंग नीट बघ. आजारी योशीला समुद्र बघायचाय; त्याची आई समुद्रातच गेली. दुसरा मुलगा त्याला पाठुंगळी घेऊन चढू लागतो. कॅमेरा लांबच. चेहऱ्यांपेक्षा उभा चढच जास्त दिसतो, आणि त्यावर घसरत-सावरत जाणारी दोन इवली शरीरं. प्रसंग लांबतो, आपल्यालाच धाप लागते. माथा गाठेपर्यंत योशी गेलेला असतो. तुझ्या पटकथेत इथे चार क्लोजअप आले असते, खरं सांग.

म्हणून मुलाला ‘आता रड’ म्हणू नकोस, हाताला काम दे. बोचकं उचलू दे, नळावर रांग लावू दे, चुकीच्या एसटीत चढू दे. आई आठवते हे त्याने बोलून दाखवायची गरज पडणार नाही.

मात्र शिमिझूंचा डोंगर आपल्या पोराच्या पायाखाली घालायचा नाही. शूटिंगआधी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढ. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नको आणि सलग तीन तासांहून जास्त तर नाहीच. मिळकतीतला किमान 20 टक्के भाग मुलाच्या नावे मुदत ठेवीत जातो, तो निर्मात्याला आत्ताच सांगून ठेव. आणि हो, बारा तासांच्या शिफ्टवर आखलेलं तुझं ते वेळापत्रक फाडून टाक.