स्वाधिष्ठान चक्रात अडथळा आहे हे कसं ओळखावं?

ओटीपोट जड, कंबर धरलेली, मन कशातच रमत नाही. हा स्वाधिष्ठानाचा अडथळा का, असं तुम्ही विचारलंय. योगपरंपरेत हे चक्र, म्हणजे शरीरात कल्पिलेलं ऊर्जाकेंद्र, नाभीखाली, ६ पाकळ्यांचं, जलतत्त्वाचं, बीजमंत्र 'वं'. पाणी तुंबावं तशी भावना तुंबते, ही त्यामागची कल्पना. रडू दाबताना आपण नकळत श्वास छातीतच धरतो, पोट आत ओढतो. हीच सवय झाली की तिथले स्नायू सैल पडतच नाहीत. मला हा भाग अगदी खरा वाटतो. रोज १० मिनिटं बद्धकोणासनात (तळपाय एकमेकांना जुळवून, गुडघे बाजूला सोडून) बसा, श्वास ओटीपोटापर्यंत जाऊ द्या. रडू आलं तर अडवू नका. मात्र चक्र म्हणजे अवयव नव्हे. लघवीला जळजळ, अनियमित पाळी किंवा पायात उतरणारी कळ असेल, तर आधी डॉक्टरांना दाखवा.