‘नाटकं करू नकोस’

“मी रडायला लागले की नवरा म्हणतो, नाटकं करू नकोस. मग मी गप्पच बसते. काय करू?” हा प्रश्न माझ्याकडे इतक्या बायकांनी आणलाय की मोजदाद राहिलेली नाही. पण सांगलीतल्या माझ्या समुपदेशनाच्या खोलीत तो एका नटीने विचारला, तेव्हा मला त्याची धार नव्याने कळली. तिच्या परवानगीने, ओळखीच्या खुणा बदलून लिहिते आहे.

ती मालिकेत काम करायची. सेट साताऱ्याजवळ, शिफ्ट बारा-तेरा तासांची, पैसे हातात पडायचे तीन महिन्यांनी. सुट्टी मिळाली की एसटीने सांगलीला घरी. नवरा माहितीपट करतो. ऊसतोड कामगारांच्या मागे दोन हंगाम काढून आलेला, आणि आता रात्र-रात्र एडिटिंगला बसलेला. घर तिच्या पैशांवर चाललेलं.

“सेटवर मला ग्लिसरीन लागत नाही, मॅडम,” ती म्हणाली. “सगळे कौतुक करतात. घरी डोळ्यांत पाणी आलं की हा म्हणतो, हे तू कालच्या एपिसोडमध्ये केलंयस.” बोलताना ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत होती, सोडत होती. डोळे मात्र कोरडे. घरी ती बाथरूममध्ये नळ सोडून रडायची.

विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली आमच्या सांगलीत ‘सीता स्वयंवर’ केलं. गावाला नाट्यपंढरी म्हणताना आमची छाती फुगते, ५ नोव्हेंबरला रंगभूमी दिनही होतो. आणि याच गावात घरोघरी ‘नाटकं’ म्हणजे खोटेपणा! या शब्दाचा मला राग येतो. बाईचं रडणं हा काही पुरावा नसतो, खरा की बनावट हे तपासायला.

पुढच्या वेळी तो आला. माणूस वाईट नव्हता. दमलेला होता आणि आतून दुखावलेला. तिच्या माहेरच्या लग्नात कुणीतरी “जावई काय करतात?” विचारलं, तर ही हसून म्हणाली होती, “त्याचं काय, फिरायला मिळालं की झालं.” ते वाक्य त्याने वर्षभर मनात धरून ठेवलं होतं. बराच वेळ गेल्यावर खाली बघत म्हणाला, “तिचं रडणं खरं मानलं, तर चूक माझी ठरते ना.”

‘नाटकं’ या शब्दाच्या पोटात बहुतेक वेळा हीच भीती असते.

मी त्याला त्याच्या कामाविषयी विचारलं. तो खुलला. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक कोयता मोजतात, मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ पैसे, त्या जोडीवर. एकटं माणूस म्हणजे अर्धा कोयता. फडातली एक बाई तिसऱ्या दिवशी बोलती झाली, असं तो सांगत होता.

“तोवर तू काय केलंस?”

“काही नाही. शेजारी बसलो. मोळ्या उचलू लागलो.”

“ती खरं बोलतेय का, हे तपासलंस?”

“तपासायला कुठे गेलो होतो? ऐकायला गेलो होतो.” आणि तो थांबला.

तेवढंच मी त्याला घरी करायला सांगितलं, कॅमेऱ्याशिवाय. “काय झालं?” एवढं एकदा विचारायचं, मग गप्प बसायचं. रडण्यावर निकाल द्यायचा नाही. तिलाही सांगितलं की चारचौघांत त्याच्या कामावर बोलायचं नाही, पैशांची बोच असेल तर दोघांनी वही घेऊन बसायचं. हे तिला जड गेलं, तिने ते कबूलही केलं. जिथे ‘नाटकं’ या शब्दामागून हात उचलला जातो, तिथे मात्र हा उपाय नाही. तिथे आधी १८१ या महिला हेल्पलाइनला फोन करा.

पाचव्या भेटीत ती माझ्यासमोर रडली. त्याने काहीतरी बोलायला तोंड उघडलं, मिटलं, खुर्ची जवळ ओढली. मीही बोलले नाही. चार-पाच मिनिटं खोलीत फक्त पंख्याचा आवाज होता. मग ती म्हणाली, “बाबांच्या ऑपरेशनच्या रात्री मी तुला अकरा वेळा फोन केला होता.”

दोन वर्षांपूर्वीची ती रात्र. त्याने ती पहिल्यांदाच ऐकली.